राणीची उडी

गंगापूर रोड, नाशिक
१६ एप्रिल १९९५

शाम,

वर नुसतं नाव लिहिलं आहे. आशीर्वाद लिहायला हात गेला होता. पण आई गेली तेव्हा तुझी नुसती तार आली, तो राग अजून या हातात आहे. असो.

तुझं पत्र मिळालं. तिथल्या म्हाताऱ्या नटाबद्दल लिहिलंस ते मी दोनदा वाचलं. बल्गेरियातल्या पहिल्यावहिल्या मूकपटांपैकी एकात त्यानं तरुणपणी आंधळ्या मेंढपाळाचं काम केलं होतं. तुमच्या संग्रहालयानं ती फिल्म दुरुस्त करून नव्वदीत त्याला दाखवली, आणि तो स्वतःचं काम बघायचं सोडून मागच्या जत्रेतल्या गर्दीकडेच बोट दाखवत राहिला, कारण त्या गर्दीत त्याची आई उभी होती. गोष्ट चांगली आहे. पण ती मला का सांगतोस तेही कळतं. तुला नानांचा पत्र्याचा डबा उघडायचा आहे. लहानपणी एकदा उघडलास तेव्हा नानांनी तुला छडीनं इतकं मारलं की आई मध्ये पडली आणि तिच्या बांगड्या फुटल्या. मला वाटतं, तू घर सोडलंस ते त्याच दिवशी. विमानात नंतर बसलास एवढंच.

इथल्या फिल्म सोसायटीला नानांचं नाव कळवणारा तूच ना? परवा मयुरेश म्हणून एक तरुण प्राध्यापक आला. सिनेमाला शंभर वर्षं झाली म्हणून नाशिकच्या जुन्या कलावंतांचा सत्कार करायचा म्हणत होता. नाना म्हणाले, "तुमची चूक होतेय. तो दामोदर दुसरा कुणी असेल." मग त्या मुलानं जुन्या वर्तमानपत्रातल्या जाहिरातीची झेरॉक्स काढली. 'राणी मेघावतीच्या वेषात मास्टर दामू.' त्या काळी सिनेमात काम करायला बायका मिळत नसत, मुलंच लुगडी नेसून उभी राहत. हे मला ठाऊक होतं, पण आपल्या बापाचा नथ घातलेला चेहरा मी पहिल्यांदा पाहिला. फार देखणा होता. नाना झेरॉक्सकडे बघत स्वतःच्या मिशीवर बोटं फिरवत राहिले. आजोबा गेले तेव्हाही ही मिशी उतरवायला ते तयार नव्हते, आठवतं?

आणि नेमक्या त्याच वेळी सखुआत्या पायरीवर टोपली घेऊन बसलेली. सोमवार-गुरुवार अजून येते ती, मळ्यातली मेथी आणि शेवंती घेऊन. जाहिरात बघून मयुरेशला म्हणाली, "माझा थोरला भाऊ बी याच कंपनीत व्हता. भिमाजी. मुंबईला गेला त्यांच्यासंगं, तो काय माघारी आला नाय. त्याचं चित्र हाय का वो तुमच्याकडं?"

नानांच्या हातातला चहा धोतरावर सांडला. भाजलं असणार. 

सखुआत्या आपली आत्या कशी, हे मी लहानपणी कधी विचारलंच नाही. भिमाजी नानांचा मित्र होता, तो निघून गेला, म्हणून नाना दर भाऊबीजेला तिच्याकडे जातात, इतकं सरळ होतं ते. आता वाटतं, इतकं सरळ काही नसतं.

डब्याचं नाव काढू नकोस.

इंदू


२१ मे १९९५

शाम,

तू पाठवलेली कात्रणं मिळाली. म्हणजे या जुन्या फिल्मा बंदुकीच्या दारूच्या भावकीतल्या, आणि उन्हाळ्यात आपोआप पेटू शकतात. हे तू मला मे महिन्यात कळवतोस! इथे पारा चाळिशीच्या वर आहे, आणि डबा नानांच्या पलंगाखाली आहे.

तुझं पत्र यायच्या आधीच मला वास येत होता. ओल्या मोज्यांसारखा, आंबूस. आधी वाटलं उंदीर मेला. पलंग सरकवला तर नाना ओरडले, "त्याला हात लावू नकोस!" आणि मग एकदम हळू आवाजात, "तो आहे तिथं राहू दे, इंदू." डब्याच्या झाकणाखालून तपकिरी भुकटी बाहेर आली होती आणि कडेला मधासारखं काहीतरी चिकट. मी केरसुणीनं भुकटी गोळा केली आणि मयुरेशला दाखवायला ठेवली. त्यात बोटाएवढा फिल्मचा तुकडाही होता.

तो मुलगा आला. तुकडा त्यानं अंगणात फरशीवर ठेवला आणि लांबून काडी लावली. भस्सकन पिवळा जाळ झाला. मी घाबरून बादलीभर पाणी ओतलं. शाम, तो विझला नाही. पाण्याखाली जळत राहिला. आम्ही दोघं वाकून बघत होतो आणि मागे खिडकीत नाना उभे होते.

त्याच आठवड्यात त्यांच्या छातीत दुखू लागलं. दवाखान्यात ठेवलंय. डॉक्टर म्हणतात उन्हामुळे. मी नोकरीवरून, नोटांच्या प्रेसमधून, रजा काढली आहे, नाही तर नाशिक रोडहून रोज दवाखान्यात यायला संध्याकाळच होते. सखुआत्या रोज दुपारी डबा घेऊन येते, पिठलं आणि ज्वारीची भाकरी. नाना तिच्यासमोर डोळे मिटून पडतात. झोपले असं तिला वाटतं. झोपलेल्या माणसाच्या पापण्या अशा थरथरत नाहीत.

डबा आहे तिथेच आहे. काळजी करू नये.

इंदू


१८ जून १९९५

शाम,

मागच्या पत्रात खोटं लिहिलं. डबा तेव्हा घरात नव्हता. नाना दवाखान्यात असताना मी तो ओल्या गोणपाटात गुंडाळून मयुरेशच्या हवाली केला आणि त्यानं पहाटेच्या गाडीनं पुण्याला एका लॅबमध्ये नेला. तुला सांगितलं नाही, कारण तू जिंकलास हे मला तुझ्याकडून ऐकायचं नव्हतं.

मी ते घर पेटू नये म्हणून केलं. निदान तसं स्वतःला सांगते.

नाना घरी आले. पलंगावर बसले आणि काठी खाली घालून फिरवली. डब्याला काठी लागली की टण् वाजायचं. ते वाजलं नाही.

"कुणाकडे आहे?"

"पुण्याला. जपून ठेवतील. त्याची कॅसेट करून देणार आहेत."

"उघडला?"

"उघडल्याशिवाय कशी करतील?"

त्यांनी काठी पलंगाला टेकवली. मग म्हणाले, "इंदू, तो डबा मला जाळायला दिला होता."

"कुणी?"

"कंपनीच्या मालकांनी. कंपनी बंद झाली त्या दिवशी. म्हणाले, पोरा, एवढं काम कर आणि विसरून जा."

"मग जाळला का नाही?"

नाना भिंतीकडे तोंड करून पडले. तेव्हापासून दारावर कुणी आलं की विचारतात, "सखू आहे का?" ती असली तर आत जातात, नसली तरी आत जातात.

तू लहानपणी त्या डब्यात काय पाहिलं होतंस? काही दिसलं होतं का? खरं सांग.

इंदू


२० ऑगस्ट १९९५

शाम,

कॅसेट आली. बहुतेक फिल्मची भुकटीच झाली होती, थोडी वाचली. नाना राणीच्या वेषात फार छान दिसतात. बाकी विशेष काही नाही.

मयुरेशला दिवाळीच्या सुट्टीत मोठा कार्यक्रम करायचा आहे. हॉल घेणार, पडद्यावर फिल्म दाखवणार, नानांना शाल देणार आणि 'कंपनीतल्या एका कलाकाराची बहीण' म्हणून सखुआत्यालाही मंचावर बसवणार. तिला आमंत्रणही देऊन आला. ती नातसुनेला, छायाला, नवं लुगडं बघायला सांगतेय.

तू आता सोसायटीला एक अक्षरही लिहू नकोस. विनंती करत नाहीये मी.

इंदू


१० सप्टेंबर १९९५

शाम,

तुझ्या पत्रातली एकच ओळ वाचत बसले होते. 'ताई, मला तेव्हा उजेडाकडे धरलेल्या पट्टीत फक्त पाणी दिसलं होतं, चौकटीमागून चौकट नुसतं पाणी.' म्हणजे तुझ्या हातात नेमका तोच भाग आला होता. त्यासाठी तू मार खाल्लास.

आता मी जे पाहिलं ते लिहिते. मागच्या वेळी लिहवलं नाही.

आधी नाना आहेत. महालात बसलेले, रडणारे, आरशात बघणारे. मग सोमेश्वरचा धबधबा. मी ते खडक लगेच ओळखले. पावसाळ्याचं पाणी, भरपूर. पाठमोरी राणी खडक चढते. मेघावती अब्रू वाचवायला डोहात उडी घेते, अशी गोष्ट होती म्हणे. तेच लुगडं, तेच दागिने. वर पोचल्यावर ती एकदा मागे वळून बघते.

तो चेहरा नानांचा नाही.

दुसराच मुलगा आहे. रुंद हनुवटीचा, हसरा. कॅमेऱ्याकडे बघून असा हसला जसं कुणी म्हणावं, बघा हं आता. आणि उडी मारली. मग पाणी. कॅमेरा चालूच आहे, पाणी फेसाळतंय. त्या पाण्यातून कुणी वर येत नाही. मग चौकटीत माणसं धावत येतात, एकाच्या डोक्यावर साहेबी टोपी आहे, आणि त्यांच्या मागून दुसरी राणी धावत येते. तेच लुगडं, तेच दागिने. ती कड्यावरून खाली झेप घ्यायला बघते, दोघं तिला कमरेला धरून मागे ओढतात. तिचा पदर सुटतो. ते नाना आहेत. तोंड उघडं आहे, ओरडताहेत. आवाज नाही, शाम. त्या सगळ्याला आवाजच नाही. तिथे फिल्म संपते.

मयुरेश टाळी वाजवून म्हणाला, "काय शॉट आहे, ताई! कॅमेरामननं किती वेळ धरून ठेवलाय!" त्याला कळलेलंच नाही. त्याला तो अभिनय वाटला. मी काही बोलले नाही, कारण ती हनुवटी मी दर सोमवारी आणि गुरुवारी बघते.

नानांना विचारायला मला तीन आठवडे लागले. काल दुपारी ते शेंगा सोलत बसले होते.

"नाना, भिमाजीला पोहता येत होतं?"

शेंग हातातच राहिली. "मासा होता तो," म्हणाले. "मला येत नव्हतं. मी रडायला लागलो, उडी मारणार नाही म्हणालो. मालक चिडले. तो तिथं बैल धुवायला आला होता. म्हणाला, आरं त्यात काय, आण ते जोडीचं दुसरं लुगडं, मी मारतो. त्याला वाटलं गंमत. नऊवारी लुगडं, इंदू, आणि वर पितळेचे दागिने. माशालाही पोहता आलं नसतं."

"मग?"

"दुसऱ्या दिवशी आनंदवलीच्या वळणावर सापडला. मालकांनी लगोलग लाकडं आणवली. बोभाटा झाला तर सगळे तुरुंगात जातील म्हणाले. त्याच्या घरी सांगितलं, पोरगं हुशार आहे, कंपनीच्या माणसांबरोबर मुंबईला पुढे धाडलंय. त्याच्या घरच्यांनी पेढे वाटले."

"आणि तुम्ही?"

"मी पंधरा वर्षांचा होतो."

"नंतर, नाना? नंतर तर पंधरा वर्षांचे नव्हतात."

ते म्हणाले, "त्याची आई दारावर यायची. दामू, माझ्या भिमाचं काही कळलं का? मी म्हणायचो, बरा आहे म्हणे. एकदा म्हणालो. मग दर वेळी म्हणावं लागलं."

मी त्यांना सांगितलं की कार्यक्रम होणार नाही, मी मयुरेशला सगळं सांगते. ते मान हलवत राहिले. "नको. म्हणजे कार्यक्रम नकोच. पण सखूला दाखव. मी असताना दाखव. तिला हॉलमध्ये चार लोकांत कळायला नको."

पितृपक्ष लागला आहे. आपल्या घरी यजमानांचे पिंड आजोबांनी जन्मभर पाडले, आणि त्यांचा मुलगा उभ्या जन्मात गोदावरीच्या घाटावर गेला नाही. आपण हसायचो, म्हणायचो नानांना पाण्याची ॲलर्जी आहे.

इंदू


२५ सप्टेंबर १९९५

शाम,

गुरुवारी गणपती दूध पितोय म्हणून सगळं गाव वाट्या-चमचे घेऊन देवळात लोटलं होतं. तुझ्याकडेही बातमी आली असेल. गंगापूर रोडवर माणूस नव्हतं. सखुआत्या मात्र वेळेवर आली. म्हणाली, "आमच्या घरचे समदे रांगेत हायेत. म्या म्हटलं, देव कुठं पळून जातोय? मेथी सुकून जाईल."

मी तिला आत बोलावलं. नाना खुर्चीत बसले होते, इस्त्रीचा सदरा घालून. मयुरेशकडून व्हीसीआर आणून ठेवला होता.

"आत्या, भिमाजीकाकांचं चित्र सापडलंय," मी म्हणाले. त्याहून जास्त काही सुचेना.

ती टीव्हीसमोर फरशीवरच बसली. नानांना राणीच्या वेषात बघून तोंडाला पदर लावून हसली. "अगं बया! दामूभाऊ, लय गोड दिसता की!" मग खडक आला. पाठमोरी राणी चढायला लागली तेव्हाच ती हसायची थांबली. चाल ओळखली असेल. तो वळला.

"दादा," ती म्हणाली.

मी कॅसेट थांबवली. चित्र थरथरत उभं राहिलं. ती सरकत सरकत पुढे गेली आणि काचेवर तळहात ठेवला. सहा वर्षांची होती तो गेला तेव्हा. त्याचा चेहरा आठवत नाही असं म्हणत ती आपल्या घरी येऊन आईजवळ रडायची, हे मला माहीत होतं. मग म्हणाली, "लाव फुडं."

"आत्या, पुढे—"

"लाव म्हणते ना."

उडी. पाणी. ती बघत होती. मग माझ्याकडे न वळता विचारलं, "वर का येत नाय?"

 दुसरी राणी धावत आली, तिला मागे ओढलं, फिल्म संपली, पडद्यावर मुंग्या आल्या. ती मुंग्यांकडे बघत राहिली.

"वर का येत नाय, दामूभाऊ?"

नाना खुर्चीतून उतरून तिच्याजवळ फरशीवर बसले. कसे बसले कुणास ठाऊक, त्यांचे गुडघे वाकत नाहीत. "आला नाही, सखू. त्या दिवशीच गेला तो. मुंबईला गेलाच नाही."

"गावला का?"

"सापडला. दुसऱ्या दिवशी."

"अग्नी कुणी दिला?"

"मी."

"कोणच्या नात्यानं?"

 ती उठली. कॅसेट मागितली. मी काढून दिली. तिच्या घरात व्हीसीआर नाही, तरी पदरात गाठ मारून ती नेली. दारात थांबून म्हणाली, "रविवारी सर्वपित्री अमावास्या हाय. आमी त्याला कदी पान वाढलं नाय. जित्या माणसाला कसं वाढायचं? रविवारी राज टेम्पो घेऊन येईल. तयार ऱ्हावा. जागा दाखवायची."

तिची टोपली पायरीवरच राहिली होती. संध्याकाळी छाया येऊन घेऊन गेली. तिनं मान वर केली नाही.

मी नानांना म्हणाले, जाऊ नका. त्यांनी ऐकलं नाही. रविवारी टेम्पो आला. तिचा नातू राज चालवत होता. नाना पुढे, आम्ही दोघी मागे, मधे केळीच्या पानात झाकलेला भात, वडे, काळे तीळ. 

पाणी फिल्ममधल्यासारखंच होतं. धरणातून सोडलं असावं. नाना खडकावर उभे राहिले आणि बोट केलं. "तिथं."

"तिथं न्या मला."

राज पुढे झाला तशी ती ओरडली, "तू थांब तिथंच!" मलाही हातानं थांबवलं. तिनं नानांचं मनगट धरलं आणि दोघं पाण्यात उतरले. घोट्यापर्यंत, मग गुडघ्यापर्यंत. जन्मभर घरात तांब्यानं अंघोळ केलेला माणूस, शाम. धोतर फुगून तरंगायला लागलं. मला त्यांचं बोलणं तुटक ऐकू येत होतं.

"वरडला का तो?"

"नाही. हसत गेला."

मग म्हणाली, "पर मला का नाय सांगितलं? आईला नाय तर नाय. मला का नाय?"

"आधी भीती होती," नाना म्हणाले. "मग तू मला ओवाळायला लागलीस."

मांडीपर्यंत पाणी होतं. तिनं द्रोण सोडला, तीळ सोडले. आणि मग मी पाहिलं, तिचा दुसरा हात नानांच्या मनगटावर नव्हता. नाना डुलले. एक पाय सुटला, ते खांद्यापर्यंत पाण्यात गेले आणि त्यांनी हात वर केला नाही, कुणाला धरायचा प्रयत्न केला नाही. राज आणि मी दोघंही धावलो, पण आम्ही लांब होतो. तिला फक्त हात लांब करायचा होता. ती बघत होती. मला वाटलं, संपलं.

मग तिनं त्यांच्या सदऱ्याची मागची बाजू मुठीत धरली आणि ओढत काठाला आणलं. त्र्याहत्तर वर्षांची बाई.

तिनं हात सोडला की तिच्या हातून सुटला, मला माहीत नाही. मी विचारणार नाही, तूही विचारू नकोस.

काठावर नाना कुडकुडत बसले होते. ती पदर पिळत म्हणाली, "भाऊबीजेला येऊ नका आता. पर मेलात तर सांगावा धाडा. म्या येईन."

इंदू


२९ ऑक्टोबर १९९५

शाम,

दिवाळी झाली. पाडव्याच्या दिवशी सकाळी ग्रहण होतं. भर दिवसा उजेड राखेच्या रंगाचा झाला आणि आंब्यावरच्या चिमण्या गप्प बसल्या. नाना मात्र अंगणात बसून राहिले. आत या म्हटलं तर म्हणाले, "आता काय व्हायचं राहिलंय?"

भाऊबीजेला त्यांनी सकाळीच अंघोळ केली, टोपी घातली आणि ओसरीवर बसले. मी लुगडं आणून ठेवलं होतं, तशी चूक मीच केली. त्यांनी ते मांडीवर घेतलं. दिवे लागले तरी तसेच बसले होते. कुणी आलं नाही, आणि त्यांना जायची परवानगी नव्हती.

मयुरेशला सगळं सांगितलं आहे. आधी म्हणाला, "पण ताई, ही फिल्म म्हणजे इतिहास आहे." मी म्हटलं, "असेल. आधी तो त्या बाईचा भाऊ आहे." मग तो रडला. कार्यक्रम रद्द केला. चांगला मुलगा आहे, त्याला शिव्या घालू नकोस.

भाजी आता छाया आणते. सखुआत्या बरी आहे का विचारलं तर म्हणते, "बरी हायेत." कॅसेटचं विचारलं. म्हणाली, शेजारच्या बंगल्यात लावून बघितली, फक्त तो वळतो तिथपर्यंत. रोज जाऊन बघायला मागतात, बंगल्यातली माणसं कंटाळली आता.

नाना खात नाहीत. कुठे दुखत नाही म्हणतात. डॉक्टर तेच म्हणतात, कुठे काही नाही. तू ये. मी आजवर असं लिहिलं नव्हतं. तुमचं भांडण मिटवायला नाही, ते मिटण्यासारखं राहिलेलंच नाही. त्यांनी तुला का मारलं हे त्यांच्या तोंडून ऐकायला ये. ते सांगतील. आता ते विचारलेलं सगळं सांगतात, त्याचीच भीती वाटते.

इंदू


२० जानेवारी १९९६

शाम,

नाना मंगळवारी दुपारी गेले. जेवणाचं ताट तसंच होतं. मी पाणी आणायला आत गेले आणि आले तोवर संपलं होतं.

कोपऱ्यावरच्या बूथवरून तुला फोन केला. तुझ्या बायकोनं उचलला. ती बराच वेळ काहीतरी सांगत होती, मला त्यातलं 'शाम' एवढंच कळलं. बूथवाला घड्याळाकडे बघत होता. शेवटी मी मराठीतच म्हणाले, "नाना गेले." ती गप्प झाली. कळलं असावं. अशा गोष्टी कळतात.

तू निघालास असंच ती सांगतेय असं मी धरलं आणि वाट पाहिली; तू विमानात नव्हतास हे मला बुधवारी कळलं.

सांगावा मी आधी धाडला होता, तुला फोन करायच्या आधी. सखुआत्या आली. टोपलीशिवाय तिला मी कधी पाहिलं नव्हतं. ती नानांच्या उशाशी बसली नाही, लांबून बघितलं. माणसं न्यायला निघाली तशी तीही चालू लागली. कुणीतरी म्हणालं, बायकांनी स्मशानात येऊ नये. ती म्हणाली, "एकाचं बघाया मिळालं नाय. याचं बघनार."

भटजी विचारत होते, मुलगा कधी येणार. मी म्हटलं, येणार नाही, मी देते अग्नी. ते कुरकुरले, आजोबांचं नाव काढलं, मोठ्या घराण्याचं काढलं. सखुआत्या मध्येच म्हणाली, "देऊ द्या की तिला. सोताचं माणूस हाय तिचं." मग भटजींनी कोलीत माझ्या हातात दिलं. लाकडं ओली होती. धूर फार झाला. जाळ धरेपर्यंत ती हलली नाही, डोळे पुसले नाहीत, नुसती बघत होती. धुरानं सगळेच रडत होते, त्यामुळे कोण कशानं रडतंय ते सांगता येत नव्हतं.

घरी आले. सगळे पांगले. आपलं इथे नात्यातलं आता कुणी उरलेलं नाही, तुला ठाऊक आहे. सुतकातल्या घरात चूल पेटवायची नाही, आणि अग्नी दिल्यानंतरचा पहिला, कडू घास बाहेरच्या माणसाच्या हातून घ्यायचा नाही, सोयऱ्यानं आणायचा. मी पाणी पिऊन झोपायचं ठरवलं होतं.

दार वाजलं. सखुआत्या फडक्यात बांधलेली भाकरी आणि पिठल्याचं पातेलं घेऊन उभी होती. मला बाजूला सारून आत आली, पाट नाही की ताट नाही, फरशीवर बसली, घास केला आणि माझ्या तोंडासमोर धरला.

"आत्या," मी म्हणाले, "हे नात्यातल्या माणसानं द्यायचं असतं."

"ठाऊक हाय मला," ती म्हणाली. "आ कर."

इंदू